साहेब आणि पट्टेवाला धारूरला गेले

हौसेनं धारूरला जाणारा माणूस मला नगरात अजून भेटलेला नाही. आमच्याकडचे लोक फार तर आष्टी-कड्यापर्यंत जातात आणि तिथून पुढच्या सगळ्या मुलखाला 'मोगलाई' म्हणून मोकळे होतात. मीही तसंच म्हणत असे. मी गेलो तो याकूतमुळे.

याकूत माझा जोडीदार. एका फिरत्या नाटकमंडळीत आम्ही दोघं होतो. मी जातीनं शिंपी. मंडळीचे कपडे शिवायला म्हणून लागलो, आणि विनोदी नट तापानं पडला त्या दिवशी व्यवस्थापकांनी मला त्याच्या जागी ढकललं. याकूत सिद्दी. त्याचे पूर्वज कधीकाळी समुद्रापलीकडून, हबशांच्या मुलखातून आले आणि निजामाच्या चाकरीत राहिले. बाप मुबारक पलटणीत शिपाई होता आणि म्हातारपणी धारूरच्या किल्ल्याखाली घर करून राहिला होता. याकूत जन्मला तिथंच. दारातून वाकून आत येणारा, काळाभोर, कुरळ्या केसांचा हा माणूस तोंड उघडलं की थेट बालाघाटच्या डोंगरातलं मराठी बोलायचा. नगरात लोक त्याच्याशी मोडक्यातोडक्या हिंदुस्थानीत सुरुवात करत. तो नम्रपणे ऐकून घ्यायचा आणि म्हणायचा, "जरा मराठीत सांगा की, मला कळंना."

आमचा फार्स साधा होता. मी तोंडाला तांदळाचं पीठ फासून, डोक्यावर टोप घालून गोरा साहेब व्हायचो. याकूत लाल पट्टा बांधून माझा पट्टेवाला. मी दौऱ्यावर आलेला साहेब, आणि समोर बसलेले प्रेक्षक म्हणजे गावकरी. मी मनाला येईल तसं इंग्रजी फेकायचो, "हाट शूट डॅम गुट!" आणि याकूत त्याचं भाषांतर करायचा. मी भलंमोठं भाषण केलं की तो म्हणे, "सायबांला भूक लागली." मी नुसतं "येस" म्हटलं की तो तासभर बोले. गावकऱ्यांतून कुणी विचारी, "अरे, साहेब तर एकच शब्द बोलले!" त्यावर याकूत उसासा टाकून म्हणे, "सायेब कमी बोलत्यात, पर आत लई साठलेलं असतंय." इथं मांडव डोक्यावर घेत असत लोक.

त्या वर्षी मंडळीचा मुख्य गाणारा दुसऱ्या मंडळीत निघून गेला आणि आमची मंडळी बुडाली. मी पुन्हा दुकानात सुईदोरा घेऊन बसलो. अशात एका सकाळी याकूत आला आणि उंबऱ्यावर टेकला. धारूरकडचा एक गाडीवान त्याला बाजारात भेटला होता. त्यानं निरोप आणला होता : बाप थकलाय, बोलावतोय.

बाप-लेकांचं बोलणं कित्येक वर्षं बंद होतं. याकूत नाटकात गेला तेव्हा म्हाताऱ्यानं सांगितलं होतं, "सिद्दीचं पोरगं लोकाला हसवत न्हाई. लोक त्याला हसत्यात." एवढं बोलून दार लावून घेतलं होतं.

"दामू, संगं चल," याकूत म्हणाला. "म्या एकटा गेलो तर त्यो पुन्यांदा दार लावील. परक्या मान्साम्होरं त्यो भांडत न्हाई."

"आणि सामान?"

"टोप, पट्टा, पीठ घे. वाटंत भाकरीची सोय व्हईल."

नाका

दिवाळी होऊन गेली होती. वारा कोरडा सुटला होता, आणि माळावरची ज्वारी त्या साली गुडघ्यापर्यंत वाढून तिथंच थांबली होती. हद्दीवर निजामाचा करोडगिरीचा, म्हणजे जकातीचा नाका लागला. कारकून हैदराबादकडचा होता. तो उर्दूत भराभर बोले. आमच्या नगरच्या नाक्यावर शिपाई ओरडतो. इथला कारकून अगदी मृदू आवाजात 'जनाब' म्हणून तुम्हाला उन्हात उभं करतो. मला त्यातलं फार काही उमगेना. याकूत मध्ये उभा राहिला आणि आयुष्यात पहिल्यांदा मला त्याचं खरं भाषांतर ऐकायची पाळी आली.

"काय म्हणतात?"

"म्हंत्यात, कोन्या सायबाला मारून ही टोपी आनली?"

"खरंच असं विचारलं?"

"न्हाई. पर तोंडावरनं दिसतंय, विचारनार हाय."

कारकुनानं पिठाची पिशवी सोडली, बोट ओलं करून चाखून पाहिलं. याकूतनं काहीतरी सांगितलं. नंतर मला कळलं, तो म्हणाला होता, "यातनं आमी सायेब बनवतो." कारकुनाच्या चेहऱ्यावरची रेघही हलली नाही. त्यानं एकदा याकूतकडं पाहिलं, एकदा माझ्याकडं, आणि मला कळेल अशा सावकाश हिंदुस्थानीत विचारलं, "ये तुम्हारा नौकर है?"

मी म्हणालो, "नहीं. दोस्त है."

तेव्हा मात्र तो हसला. अगदी मनापासून, बाजूच्या शिपायाला सांगून हसला. नाक्यावर तेवढ्या एकाच वाक्याला आम्हाला हशा मिळाला.

नांदूरघाट

बीडला मुक्काम करून आम्ही मांजरसुंब्याचा घाट चढलो. वाटेत आमच्या भाड्याच्या बैलगाडीचा आस मोडला आणि गाडीवान दुरुस्तीला बसला, म्हणून आम्ही सामान डोक्यावर घेऊन चालू लागलो. डोंगरात सीताफळीची दाट झाडी होती. फळं पिकून पक्ष्यांनी फोडलेली, गोड वास सुटलेला. मी आधाशासारखी खाल्ली आणि पुढची वाट मला झुडपांच्या आडोशानं काढावी लागली. याकूत दर वेळी सामान राखत उभा राही आणि मी बाहेर आलो की खणखणीत आवाजात पुकारा करी, "सायबांचा दौरा सुरळीत पार पडला!" त्या डोंगरात ऐकायला माणूस नव्हतं, तरी मला मेल्याहून मेल्यासारखं होई.

नांदूरघाट मोठं गाव. पाटलांनी मारुतीच्या पारासमोर दिवस मावळायच्या आत खेळ करायची परवानगी दिली. सगळं गाव लोटलं. लोकांनी असा विनोद कधी पाहिलेला नव्हता. साहेबाचा पट्टेवाला हबशी आणि तो आपल्याच बोलीत 'हाय-न्हाई' करतोय हे पाहून माणसं लोळायची बाकी राहिली. खेळ संपल्यावर एक म्हातारी काठी टेकत पुढं आली. तिनं याकूतचं मनगट धरलं, बोटाला थुंकी लावली आणि घासून पाहिलं.

"रंग हाय का खरं हाय रं बाबा?"

"आजे, जरा जोरात घास," याकूत म्हणाला. "निगाला तर मलाबी बगायचंय खाली काय हाय."

पुन्हा हशा. म्हातारी लाजून तोंडाला पदर लावून हसली आणि जाताना त्याला म्हणाली, "लेका, आऊख मोटं हू दे."

जेवणाला पाटलांनी मला आत ओसरीवर पाट मांडला. भाकरी, येसराची झणझणीत आमटी, कांदा, ताक. याकूतची पत्रावळ बाहेर गोठ्याच्या भिंतीशी मांडली होती. पाणी त्याला वरून ओतलं जात होतं. आमच्या नगरलाही याहून वेगळं नाही. माझ्या आईनं त्याच्यासाठी एक पेला अंगणातल्या कोनाड्यात वेगळा ठेवलेला आहे, आणि तिचा त्याच्यावर जीवही आहे. दोन्ही गोष्टी एकाच घरात नांदतात. मी माझं ताट उचलून बाहेर गेलो, तर तोच माझ्यावर खेकसला.

"आत जा बे. भाईर ताक वाडत न्हाईत. आत बस, दोनदा मागून घे आन् मला आन."

मग मी आत बसलो, दोनदा ताक मागून घेतलं आणि दुसरं त्याच्याकडं नेलं. पाटील कौतुकानं म्हणाले, "तुमचा हबशी लई भारी. मराठी तुमीच शिकिवली का?"

"पाटील, तो इथलाच आहे. इथून जवळच, धारूरचा," मी म्हणालो.

"आसं व्हय," पाटील म्हणाले. पण ते त्यांना पटलं नाही. धारूर एका दिवसाच्या वाटेवर होतं. त्यांच्या डोळ्यांत मात्र याकूत फार लांबून आला होता.

दुसऱ्या दिवशी वाटेनं चालताना मी त्याला विचारलं, "म्हातारीनं घासलं तेव्हा तुला काय वाटलं?"

त्यानं सामान या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतलं. मग म्हणाला, "जल्मल्यापून लोक तेच इचारत्यात. दर बारीला नवं उत्तर काडायचं. लोकाला वाटतं ह्यो गमत्या हाय. म्या थकलोय बग." आणि लगेच एक दगड लाथाडून तो पुढं निघाला. माझ्या पावलांपेक्षा त्याची पावलं लांब, त्यामुळे मला पळत त्याला गाठावं लागलं.

मुबारकचाचा

धारूर डोंगराच्या अगदी कडेला आहे. किल्ल्याचे बुरूज लांबूनच दिसतात. जवळ गेल्यावर दिसतं की त्यांवर गवत माजलंय आणि आत शेळ्या चरतायत. गाव लहान, उतारावर वसलेलं. मुबारकचाचांचं घर एका लिंबाखाली होतं. म्हातारा अंगणात बाजेवर बसला होता. मुलाइतकाच उंच, पण मधून वाकलेला, छातीत कफाची घरघर. याकूतची थोरली बहीण, विधवा सकीनाआपा, चुलीपुढून उठून आली आणि भावाच्या दंडाला धरून नुसती उभी राहिली.

"आलास?" म्हातारा म्हणाला.

"आलो."

बस्स. मग तो माझ्याकडं वळला. "आन् तू त्यो सायेब."

त्याच्यापर्यंत सगळं पोचलं होतं. दार काही लागलं नाही. सकीनाआपांनी हुलग्याचे शेंगोळे केले होते. आम्ही सगळे एकाच परातीभोवती बसलो. मी जरासा बिचकलो, तर आपांनी माझ्यासाठी वेगळी ताटली पुढं केली. मी ती बाजूला ठेवली आणि परातीत हात घातला. म्हाताऱ्यानं ते पाहिलं.

जेवणं झाल्यावर तो म्हणाला, "दावा. काय करता ते बगू द्या."

मी पीठ फासलं. शेजारीपाजारी गडग्यावर येऊन बसले. आम्ही सगळा फार्स केला आणि चांगला केला. गडगा हसून हसून हलत होता. म्हातारा एकटा तसाच बसून होता, तोंडावर माशी बसली तरी न हलणारा. संपल्यावर त्यानं मला जवळ बोलावलं.

"तुला सायेब व्हायला पीठ लागतंय. माज्या पोराला काय लागतंय?"

मी पट्ट्याकडं बोट केलं. "पट्टा लागतो, चाचा."

"पट्ट्याला कोनी हसत न्हवतं," तो म्हणाला आणि भिंतीकडं तोंड करून आडवा झाला.

याकूत लिंबाखाली पाठमोरा उभा होता. मी तोंड धुतलं.

सकाळी मी जागा झालो तर याकूत आरशाच्या तुकड्यासमोर बसून स्वतःच्या तोंडाला पीठ फासत होता. त्याच्या कातडीवर ते पांढरं दिसत नव्हतं, राखेसारखं दिसत होतं. त्यानं लाल पट्टा माझ्या अंगावर टाकला. "बांध. आज तू पट्टेवाला."

त्यानं टोप घातला आणि बापाच्या बाजेसमोर साहेब म्हणून येरझारा घालू लागला. मी माझ्या नगरी मराठीत भाषांतर करू लागलो. फार काही जमेना. तेवढ्यात म्हाताऱ्यानं हात वर केला.

"थांब. आसं न्हाई."

तो बाजेची कड धरून उठला. सकीनाआपा आधाराला धावली, त्यानं तिला दूर केलं. मग त्या वाकलेल्या म्हाताऱ्याची पाठ ताठ झाली. हनुवटी वर गेली. नसलेल्या घोड्यावरून तो खाली उतरला; एक पाय रिकिबीत अडकला, तरी आपण मुद्दामच अडकवलाय असं तोंड केलं; मिशीला बोट लावलं, आणि नाकातून असा काही आवाज काढला की समोर कुणी कॅप्टन उभा आहे असंच वाटावं. तो दोन पावलं चालला. तेवढ्यात आमची हसून मुरकुंडी वळली. सकीनाआपाच्या हातातलं उलथणं पडलं. आपल्या बापाला नक्कल येते हे ती उतारवयाला लागल्यावर पहिल्यांदा पाहत होती. आणि याकूत हसता हसता मध्येच थांबला, टोप हातात घेऊन बापाकडं बघत राहिला.

म्हातारा धापा टाकत बाजेवर बसला. दम लागला होता, पण तो बोलू लागला.

पलटणीवर अंमलदार गोरे असत; बॅण्डमध्ये ताशा वाजवणाराही एक गोरा पोरगा होता, डॅनी नावाचा. दोघांची गट्टी. घोड्यांच्या पागेमागं बसून एकत्र खायचे. डॅनीनं याला गोऱ्यांची गाणी शिकवली, यानं डॅनीला दखनी शिव्या. कॅप्टनची नक्कल दोघांनी मिळून बसवली. शब्द डॅनीचे, चाल मुबारकची. एक दिवस पागेत सगळे हसत असताना कॅप्टन मागं येऊन उभा राहिला. 'कुणाची कल्पना ही?' म्हणून त्यानं विचारलं.

"डॅनीनं आपल्या बुटाकडं बगितलं," म्हातारा म्हणाला. "माजी पाठ फोडली. सांजच्याला डॅनी आला तंबाकू घिऊन. रडला. लई रडला."

"मग दोस्ती तुटली?" मी विचारलं.

"न्हाई. दोस्ती ऱ्हायली. हसनं गेलं." त्यानं लेकाकडं पाहिलं. "तुजी लाज वाटली न्हवती मला. भ्या वाटलं हुतं."

याकूत खाली बसला आणि त्यानं बापाच्या गुडघ्यावर डोकं ठेवलं. पीठ म्हाताऱ्याच्या तहमतीला लागलं.

म्हाताऱ्यानं मग मला विचारलं, "तुमी दोगं लई हसता. उंद्या कोनी धरलं तर तू काय करशील? बोलशील का बूट बगशील?"

"बोलेन, चाचा."

"आदी समदे आसंच म्हंत्यात," तो म्हणाला. रागानं नव्हे, खूप थकून म्हणाला.

बाजारचा दिवस

बाजारात खेळ करायला म्हातारा नको म्हणत होता. याकूतनं हट्ट धरला. "आब्बा, येकदा. तुमी शिकिवल्यावानी करतो. तुमी बगा." शेवटी शेजाऱ्यांनी बाज उचलून बाजाराच्या कडेला एका चिंचेखाली ठेवली. याकूत साहेब, मी पट्टेवाला.

तसा खेळ आम्ही पुन्हा कधी करणार नाही. याकूत घोड्यावरून उतरला तो बापासारखा. त्या राखाडी तोंडाच्या धिप्पाड साहेबानं मला, कुडमुड्या नगरी पट्टेवाल्याला, असं काही फर्मावलं की पहिल्यांदा मला खरंच दबल्यासारखं वाटलं. मी घाबरून चुकीचं भाषांतर करू लागलो आणि ते लोकांना अधिकच आवडलं. याकूतनं एका म्हातारीच्या सीताफळांच्या पाटीला सलाम केला, एका बैलाला झापलं, गाढवाला 'ओ सर' म्हणाला. बाजार थांबला. तराजू हातात धरून माणसं हसत होती. बाजेवरचा म्हातारा खोकत होता आणि हसतही होता. दोन्हींतलं काय चाललंय ते कळत नव्हतं.

घाटाच्या पायथ्याशी त्या दिवसांत एका खऱ्या गोऱ्या साहेबाचा तळ पडला होता. त्याचे दोन खरे पट्टेवाले कोंबड्या घ्यायला बाजारात आले होते. ते हसले नाहीत. थोड्या वेळानं चौकीचा जमादार आला आणि त्यानं याकूतच्या खांद्यावर हात ठेवला. फक्त याकूतच्या.

मीही पाठोपाठ चौकीत गेलो. अमीनसाहेब, म्हणजे तिथले फौजदार, सभ्य माणूस. त्यांनी मला खुर्ची दिली. याकूत भिंतीशी उभा, तोंडावरचं पीठ घामानं ओघळलेलं.

मी बसलो नाही. "साहेब, हा फार्स मी रचला. शब्द माझे, टोप माझा, पीठ माझं. धरायचं तर मला धरा."

"तुम्ही इंग्रजांच्या हद्दीतले," अमीनसाहेब म्हणाले. "तुम्हाला धरून मला नसता पत्रव्यवहार करायचा नाही. आणि साहेब तो झाला होता."

"इतकी वर्षं मी होत आलोय!"

"तुम्ही पीठ लावलंत तर तमाशा आहे." त्यांनी याकूतकडं न बघता बोट केलं. "यानं लावलं तर बेअदबी आहे. एवढं तुम्हाला समजायला हवं."

"का पण?" मी ओरडलो. "मी गोरा होऊ शकतो आणि तो का नाही?"

त्यांनी पुढ्यातला कागद ओढला आणि लिहायला घेतलं. मी टेबलावर हात आपटला. मग जमादारानं मला बखोटीला धरून रस्त्यावर आणलं. आतून याकूतचा आवाज आला, "दामू, जा बे. आब्बाला घरी न्हे. ऊन लागतंय."

चिंचेखाली म्हातारा वाट पाहत होता. बाजार पांगला होता.

"बोललास?"

"बोललो, चाचा."

"काय झालं?"

"काहीच झालं नाही."

तो जरा सरकला आणि त्यानं बाजेवर मला जागा करून दिली. आम्ही दोघं तिथं बसून राहिलो. शेजारी बाज उचलायला आले तेव्हा त्यानं माझ्याकडं बोट करून, याला उठवू नका, असं त्यांना खुणेनं सांगितलं. तेही थांबले.

माती

साहेबाचा तळ हलेपर्यंत याकूतला सोडणार नव्हते. मी रोज दोन वेळा सकीनाआपानं दिलेली भाकरी घेऊन चौकीवर जायचो. गजांतून मी ती आत देई. बापाचा खोकला वाढला होता, ते मी सांगत असे. तो ऐके आणि भाकरीचा अर्धा तुकडा मला परत देई.

एका सकाळी सकीनाआपानं चहाची वाटी पुढं केली आणि म्हातारा उठला नाही. ती वाटी हातात धरून तशीच उभी राहिली.

याकूतला सोडवायला मी चौकीकडं धावलो. अमीनसाहेब तळावर गेलेले. जमादार म्हणाला, "माजा इलाज न्हाई." तो खोटं बोलत नव्हता, त्याचे डोळे भरले होते. तळावर माणूस पाठवला. ऊन डोक्यावर आलं तरी तो परतला नाही. मुल्लाजी म्हणाले, आता ठेवता येणार नाही.

कफनाचं कापड आलं तेव्हा सवयीनं माझा हात खिशातल्या सुईकडं गेला. मुल्लाजींनी मान हलवली. त्या कापडाला टाका घालायचा नसतो, तसंच गुंडाळायचं. मी सुई परत ठेवली. पहिला खांदा कुणाचा असा प्रश्न आला. मुलाची जागा रिकामी होती. शेजाऱ्यांनी एकमेकांकडं पाहिलं आणि सकीनाआपा दारातून म्हणाली, "दामूभाऊ हायेत की."

म्हातारा फार हलका होता. मी कमी उंचीचा, बाकीचे उंच, म्हणून माझ्या कोपऱ्याला तो जनाजा सारखा कलत होता. मी टाचा उंचावून चाललो. चौकीवरून जाताना मुल्लाजींनी आपणहून पावलं मंद केली. गजांमागं याकूत उभा होता. त्यानं दोन्ही हात उचलले, ओठ हलवले. तो रडत नव्हता. जनाजा वळून दिसेनासा होईपर्यंत त्याचे हात तसेच वर होते, असं जमादारानं मला नंतर सांगितलं.

तळ हलला तसा याकूत सुटला. पुन्हा कुठल्याही साहेबाची नक्कल करणार नाही, आणि दर बाजारच्या दिवशी चौकीत हजर राहीन, अशी त्याच्याकडून हमी घेतली गेली. म्हणजे त्याचं नगर संपलं. मला त्याच दिवशी धारूर सोडायचा हुकूम होता. घाटापर्यंत जमादार बरोबर येणार होता.

जाण्याआधी आम्ही दोघं कबरीवर गेलो. किल्ल्याच्या उतारावर, कोरड्या गवतात ताज्या मातीचा लांबट उंचवटा. आपांनी त्यावर पाणी शिंपडलं होतं. ते वाळून भेगा पडल्या होत्या. याकूत उकिडवा बसला आणि एका भेगेवरून बोट फिरवत राहिला. आमच्या फार्सात पहिलं वाक्य नेहमी त्याचंच असे. मी उभा राहिलो, तो बोलेल म्हणून. लांबून शेळ्यांच्या घंटा ऐकू येत होत्या.

"मातीची पैली मूठ कुनी टाकली?" त्यानं शेवटी विचारलं.

"मी."

"उजव्या हातानं?"

"हो."

त्यानं माझा उजवा हात ओढून घेतला, उलटा केला आणि तळव्याकडं कितीतरी वेळ बघत राहिला.

"मंग झालं," तो म्हणाला. "माजाच हात लागला."

खाली वाटेवर जमादार हाका मारत होता. मी हात सोडवून घेतला नाही. त्यानंच तो हळूच सोडला.